पूज्य फादर थॉमस स्टीफन्स व भाषेचें नांव

फादर थॉमस स्टीफन्स यांचा जन्म सुमारें १५४९ सालीं इंग्लंडांत विल्टशायर परगण्यांत झाला. १५७५ त रोम येथें ते येशूसंघांत शिरले, १५७९ च्या ऑक्टोबरांत गोव्यास उतरले आणि १६१९ त देह ठेवीपर्यंत बहुतेक साष्टींतच राहिले.

त्यांचा कान मोठा तीक्ष्ण. इकडील भाषांची ठेवण लॅटिन व ग्रीक यांशीं जुळते, असें त्यांनीं १५८३ त आपल्या भावास कळविलें. सर विल्यम जोन्स यांनीं हाच विचार कलकत्त्यास १७८६ त मांडला, आणि कीर्ति मात्र त्यांची झाली!

नवख्रिस्ती लोकांचीं जुनीं पुराणें सुटलीं. त्या जागीं वाचावयास कांहीं हवें, म्हणून फादरांनीं सुमारें अकरा हजार ओव्यांचें ख्रिस्तपुराण रचिलें. तें १६१६ त रायतूर येथें छापलें. आपल्या बीड जिल्ह्यांत, आंबेजोगाईस ज्यांची समाधि आहे त्या मुकुंदराजांचाच हा ओवीछंद. ग्रंथाची भाषा मराठी असून, सामान्यांस समजावें म्हणून तींत तिकडील बोलींतले सोपे शब्द मिसळिले, असें ते स्वतःच सांगतात. त्या बोलीचें त्यांनीं रचिलेलें व्याकरण १६४० त निघालें, तें मात्र ‘कानारीं’ या नांवानें. पोर्तुगीज लोक गोंवेकरांस तसेंच म्हणत. कानडीशीं तिचें नातें तें काय?

पुढें १९०५ त ग्रियर्सनसाहेबांनीं कोंकणीस मराठीची पोटभाषा गणिलें. १९७५ त साहित्य अकादमीनें तिला स्वतंत्र भाषा मानिलें, आणि १९९२ त ती घटनेच्या आठव्या अनुसूचींत आली. फादरांचें पुराण कोणाचें, हा तंटा मला तरी व्यर्थ वाटतो. त्यापुरता निवाडा ग्रंथकर्त्यानेंच करून ठेविला आहे.