अख्खी टर्की एकट्याने खायची होती! ही गोष्ट लिहिणारा लेखक मात्र आयुष्यभर लपूनच राहिला

एक गरीब लाकूडतोड्या. घरात ढीगभर पोरं, पोटभर जेवण कधी नाहीच. शेवटी तो हट्टाला पेटतो, की खाईन तर अख्खी टर्की आणि तीही एकट्याने. बायको टर्की चोरून आणते. तो जंगलात जाऊन बसतो, तर आधी सैतान वाटा मागायला येतो, मग देव. दोघांनाही नकार. तिसरा येतो तो साक्षात मृत्यू. त्याला मात्र अर्धी टर्की मिळते. मृत्यू जेवतोय तोवर तरी आपण जगू, एवढाच साधा हिशोब.

हा १९६० चा ‘माकारिओ’. परदेशी भाषेतल्या सिनेमांच्या ऑस्करसाठी नामांकन मिळालेला पहिला मेक्सिकन सिनेमा. जुन्या युरोपियन लोककथेवरून ही कथा लिहिली होती बी. ट्रॅव्हनने.

पण हा ट्रॅव्हन कोण?

१९१९ साली म्युनिकमध्ये रेट मारुट नावाचा एक नट होता. सरकारविरोधी मासिक काढायचा. तिथल्या क्रांतीत उतरला, क्रांती चिरडली गेली आणि हा पकडला गेला. दोन-चार मिनिटांत खटला संपवून माणसांना गोळ्या घालत होते. आपण तिथून निसटलो, असं त्यानेच पुढे लिहिलं. मग लंडनचा तुरुंग आणि १९२४ मध्ये मेक्सिको.

१९२५ पासून बर्लिनमध्ये ट्रॅव्हन या नावाने लिखाण छापून यायला लागलं. फोटो नाही, मुलाखत नाही. चियापासच्या जंगलात महोगनी तोडणारे मजूर कर्जापायी कसे गुलाम होतात, यावर त्याने सहा कादंबऱ्या लिहिल्या. म्हणजे कुऱ्हाडवाल्याची भूक त्याच्यासाठी नुसती परीकथा नव्हती.

‘द ट्रेझर ऑफ द सिएरा माद्रे’चं शूटिंग चालू असताना हॅल क्रोव्ह्ज नावाचा माणूस ट्रॅव्हनचा एजंट म्हणून सेटवर वावरत होता. तो स्वतःच ट्रॅव्हन असल्याची कुजबुज झाली, त्याने साफ नाकारलं. १९४८ मध्ये एका पत्रकाराने त्याला अकापुल्कोत गाठलं, तेव्हाही तेच.

२६ मार्च १९६९ ला तो मेक्सिको सिटीत वारला. ट्रॅव्हन म्हणजेच मारुट, हे त्याच्या बायकोने जाहीर केलं ते त्यानंतर. रक्षा मात्र चियापासमध्येच विसर्जित केली गेली, त्या लाकूडतोड्यांच्या मुलखात.