ज्यांचं इंग्रजी कुराण जगभर वाचलं जातं, त्या युसूफ अलींना लंडनमध्ये शेवटी कुणीच उरलं नाही

इंदापुरात चाँदशाहवली बाबांचा दर्गा आहे. बारामती तालुक्यात सुप्याला शाह मन्सूरचा दर्गा आहे. दोन्ही ठिकाणं इतकी जुनी की गावाची ओळख सांगताना त्यांचं नाव आपोआप येतं. अशा गावात वाढलेल्या मुस्लिम माणसाची बोली, बाजार, शेती सगळं शेजाऱ्यासारखंच असतं. अमुक जण मुसलमान आहे म्हणजे नेमका कोण आहे, हे त्याला पहिल्यापासून समजावून सांगायची वेळ येत नाही.

पण हाच माणूस बोटीत बसून विलायतेला गेला तर?

१८९१ साली मुंबईतून असाच एक पोरगा गेला. तेव्हा लंडन शहरात मशीद म्हणून बांधलेली एकही इमारत नव्हती. लिव्हरपूलमध्ये एका घरात नमाज व्हायची, आणि लंडनपासून ४० एक किलोमीटरवर वोकिंग नावाच्या गावात दोनच वर्षांपूर्वी एक छोटी मशीद उभी राहिली होती. तीही बांधली होती ज्यू कुटुंबात जन्मलेल्या डॉ. लाइटनर या भाषापंडिताने, आणि पैसा आला होता भोपाळच्या बेगमकडून. म्हणून तिचं नाव शाहजहान मशीद. ताजमहालवाल्या शाहजहानचा तिच्याशी काही संबंध नाही.

त्या पोराचं नाव अब्दुल्ला युसूफ अली. जन्म १४ एप्रिल १८७२. घराणं दाऊदी बोहरा, म्हणजे पिढीजात व्यापारी. पण वडिलांनी व्यापाराची वाट सोडली आणि सरकारी पोलीस खात्यात इन्स्पेक्टर झाले, खानबहादूर ही पदवीही मिळवली. मुलाला आधी मुंबईतल्या अंजुमनच्या शाळेत घातलं, मग मिशनऱ्यांच्या विल्सन कॉलेजात. म्हणजे लहानपणी कुराणाची अरबी आणि तरुणपणी इंग्रजी कविता, असं दोन्ही एकाच शहरात मिळालं. १९ व्या वर्षी इंग्रजी साहित्य घेऊन बीए पहिल्या वर्गात पास, आणि लगेच मुंबई इलाख्याची विलायतेची स्कॉलरशिप. त्याच वर्षी वडील वारले.

केंब्रिजच्या सेंट जॉन्स कॉलेजात त्यांनी कायदा शिकला, आणि १८९५ मध्ये ते आयसीएस झाले. त्या काळात आयसीएसमध्ये हिंदी माणसं बोटावर मोजण्याइतकी, त्यात मुसलमान आणखी कमी. पहिली नेमणूक उत्तर भारतात, सहारनपूरला. नोकरी सांभाळून त्यांनी तिकडच्या रेशमी कापडावर एक पुस्तकही लिहून काढलं.

१९०० साली त्यांनी लग्न केलं ते इंग्लंडमध्ये, बोर्नमथच्या सेंट पीटर्स चर्चमध्ये. मुलगी इंग्रज, नाव तेरेसा शाल्डर्स. कुराण शिकून मोठा झालेला माणूस चर्चमध्ये लग्न लावतो, यावरून तेव्हाही भुवया उंचावल्या असतील. युसूफ अलींना मात्र त्यात विसंगती दिसत नव्हती. चांगला मुसलमान आणि साम्राज्याचा चांगला नागरिक या दोन गोष्टी एकाच माणसात सुखाने नांदू शकतात, यावर त्यांचा पक्का विश्वास होता. पुढचं सगळं आयुष्य त्यांनी या एका विश्वासावर लावलं.

पहिला फटका घरातूनच बसला. नवरा हिंदुस्थानात, बायको आणि चार मुलं इंग्लंडमध्ये, मध्ये बोटीचा काही आठवड्यांचा प्रवास. संसार टिकला नाही. १९१२ मध्ये घटस्फोट झाला. मुलांचा ताबा वडिलांना मिळाला, पण वडील नोकरीवर, म्हणून मुलं एका गव्हर्नेसच्या हाती. ती मुलं वडिलांपासून कायमची तुटली. १९१४ मध्ये आयसीएसचा राजीनामा देऊन ते इंग्लंडमध्ये राहायला आले, तेव्हा उशीर झाला होता.

आणि त्याच वर्षी पहिलं महायुद्ध पेटलं.

इथे तिथल्या प्रत्येक मुसलमानाची पंचाईत झाली. तुर्कस्तान जर्मनीच्या बाजूने उतरला होता, आणि तुर्की सुलतान म्हणजे मुसलमानांचा खलिफा. इंग्लंडमध्ये राहणाऱ्या मुसलमानाने कुणाच्या बाजूने बोलायचं? युसूफ अलींना हा प्रश्न पडलाच नाही. त्यांनी ब्रिटनच्या बाजूने लेख लिहिले, भाषणं दिली, स्कँडिनेव्हियापर्यंत जाऊन प्रचार केला. १९१७ मध्ये त्याबद्दल त्यांना सीबीई हा किताब मिळाला. त्याच वर्षी लंडनच्या स्कूल ऑफ ओरिएंटल स्टडीजमध्ये हिंदुस्तानी शिकवायची नोकरीही मिळाली.

याच वर्षी लंडनमध्ये बरोबर उलट्या दिशेने चाललेला एक माणूस होता, मार्माड्यूक पिकथॉल. हा अस्सल इंग्रज, पाद्र्याचा मुलगा, कादंबरीकार. त्याने १९१७ मध्ये जाहीरपणे इस्लाम स्वीकारला, आणि तुर्कांविरुद्धच्या युद्धाला त्याचा उघड विरोध होता. १९२० मध्ये तो मुंबईला आला आणि बॉम्बे क्रॉनिकलचा संपादक म्हणून खिलाफत आणि असहकाराच्या बाजूने लिहू लागला. म्हणजे मुंबईत शिकलेला मुसलमान लंडनमध्ये सरकारची बाजू मांडत होता, आणि लंडनचा गोरा मुंबईत बसून सरकारविरुद्ध लिहीत होता. जन्मावरून माणसाची बाजू ठरवणाऱ्यांनी या दोघांकडे जरूर बघावं.

युसूफ अली सरकारचे लाडके होते म्हणून त्यांना सरळ लाचार म्हणून मोकळं होता येत नाही. ते वोकिंगच्या मशिदीचे विश्वस्त होते. १९२१ पासून पूर्व लंडनमध्ये मशीद उभारण्याच्या फंडाचेही विश्वस्त झाले. बंदरावर काम करणाऱ्या गरीब मुसलमान खलाशांची वस्ती त्याच भागात होती. तिथली मशीद प्रत्यक्ष सुरू व्हायला १९४१ उजाडलं, तीही कमर्शियल रोडवरच्या राहत्या घरांमध्ये. १९३८ च्या डिसेंबरमध्ये कॅनडातली पहिली मशीद, एडमंटनची अल रशीद, सुरू झाली, तेव्हा उद्घाटनाला युसूफ अलीच हजर होते. आज पाश्चिमात्य देशांत मुसलमानांच्या ज्या वस्त्या दिसतात, त्यांच्या अगदी पहिल्या विटा रचल्या जात असताना हा माणूस तिथे होता.

१९२० मध्ये त्यांनी दुसरं लग्न केलं. बायको पुन्हा इंग्रज, गर्ट्रूड मॉबी, पण या वेळी तिने मासूमा हे नाव घेतलं. पहिल्या लग्नाच्या मुलांकडून होणारा त्रास इतका वाढला की दोघं हिंदुस्थानात निघून आले. हेही लग्न पुढे मोडलं. लाहोरच्या इस्लामिया कॉलेजचं प्राचार्यपद त्यांनी १९२५ ते २७ आणि पुन्हा १९३५ ते ३७ असं दोनदा सांभाळलं. त्यांना तिथे आणण्यात कवी इक्बाल यांचा हात होता.

लाहोरमध्येच त्यांचं मोठं काम छापून आलं. १९३४ पासून शेख मुहम्मद अशरफ या प्रकाशकाने त्यांचं इंग्रजी कुराण भागाभागांनी छापायला सुरुवात केली. मूळ अरबी, शेजारी इंग्रजी भाषांतर आणि खाली सहा हजारांहून जास्त टिपा. पिकथॉलचं भाषांतर १९३० मध्ये येऊन गेलं होतं, पण ते बरंचसं शब्दाला धरून होतं. युसूफ अलींनी विल्सन कॉलेजात शिकलेली सगळी इंग्रजी कविता इथे कामाला लावली. ओळी कवितेसारख्या पाडल्या, टिपांमध्ये इतिहास, भूगोल, युरोपातले ग्रंथ असं सगळं आणलं. इंग्रजी ही सुद्धा इस्लामची भाषा व्हावी, अशी इच्छा त्यांनी प्रस्तावनेत मांडली आहे. खासगी आयुष्यात आलेल्या वादळाचा उल्लेखही तिथेच येतो. संसार मोडलेला माणूस रात्रंदिवस या टिपा लिहीत बसला होता, हे माहीत असलं की त्या वेगळ्या वाटतात.

मग देश स्वतंत्र झाला, फाळणी झाली. ज्या साम्राज्यावर त्यांनी सगळी भिस्त ठेवली होती, तेच उरलं नाही. लंडनला आता त्यांच्या भाषणांची गरज नव्हती. शेवटची वर्षं त्यांनी क्लबच्या खोल्यांमध्ये काढली. आठवण साथ देईना, तासन्‌तास रस्त्यांवर भटकत राहायचे. मृत्युपत्रात त्यांनी एका मुलाने केलेल्या छळाची नोंद करून ठेवली.

९ डिसेंबर १९५३ ला वेस्टमिन्स्टरमध्ये एका घराच्या पायरीवर ८१ वर्षांचा एक गोंधळलेला म्हातारा पोलिसांना दिसला. त्यांनी त्याला हॉस्पिटलात नेलं. दुसऱ्या दिवशी तिथून चेल्सीच्या सरकारी वृद्धाश्रमात पाठवलं. त्याच दिवशी हार्ट अटॅक आला आणि फुलहॅमच्या सेंट स्टीफन्स हॉस्पिटलात युसूफ अली वारले. तीन बायकापोरांच्या पिढ्या त्याच देशात होत्या असं नाही, पण चार मुलं नक्की तिथे वाढली होती. मृतदेह मागायला कुणी आलं नाही. पाकिस्तानच्या हायकमिशनला हे नाव माहीत होतं, म्हणून त्यांनी दफनाची व्यवस्था केली.

दफन झालं वोकिंगजवळच्या ब्रुकवूडमध्ये, मुस्लिमांसाठी राखलेल्या भागात. १९३६ मध्ये गेलेल्या पिकथॉलची कबर तिथून जवळच आहे. महायुद्धात इंग्लंडच्या हॉस्पिटलांमध्ये मेलेल्या हिंदी मुसलमान सैनिकांना वोकिंगच्या माळावर पुरलं होतं. ज्या फौजेसाठी युसूफ अली भाषणं देत फिरले, तीच ही माणसं. १९६८ मध्ये त्यांच्या कबरीही ब्रुकवूडला हलवण्यात आल्या.