भास्कराचार्य आणि कमळांचा हिशेब

अपूर्णांकांचे शाब्दिक उदाहरण आले, की आपण ‘क्ष मानू’ म्हणतो. भास्कराचार्य ‘लीलावती’त क्ष ऐवजी सरळ एखादी सोयीची संख्याच मानतात.

त्यांचा जन्म शके १०३६, म्हणजे इ. स. १११४ चा. वडील महेश्वर हेच त्यांचे गुरू. ३६ व्या वर्षी, ११५० मध्ये, त्यांनी ‘सिद्धांतशिरोमणी’ लिहिला. ‘लीलावती’ हा त्यातलाच अंकगणिताचा भाग. लीलावती आणि घटिकापात्रात पडलेला मोती ही गोष्ट आम्हीही लहानपणी ऐकली. पण ती मूळ ग्रंथात नाही, फैजीच्या १५८७ च्या फारसी भाषांतरात आहे.

त्यांचे एक उदाहरण पाहू. कमळांपैकी १/३ शंकराला, १/५ विष्णूला, १/६ सूर्याला, १/४ देवीला वाहिली. उरलेली ६ गुरूंना दिली. एकूण कमळे किती?

६० माना. २०, १२, १० आणि १५ मिळून ५७ गेली, ३ उरली. उरायला हवीत ६, म्हणजे दुप्पट. कमळे १२०!

या रीतीचे नाव इष्टकर्म. चुकेल या भीतीने असे गणित कोरे सोडणारी मुले आम्ही दरवर्षी पाहतो. इथे तर सुरुवातच चुकीच्या उत्तराने करायची आहे.

६९ व्या वर्षी, ११८३ मध्ये, आचार्यांनी ‘करणकुतूहल’ लिहिला. पुढे नातू चांगदेवाने आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी मठ स्थापला. त्याचा शिलालेख चाळीसगावजवळ पाटण येथे डॉ. भाऊ दाजी लाड यांना सापडला.