दादासाहेबांची रिळे

नाशिकजवळच्या त्र्यंबकेश्वर या गावी ३० एप्रिल १८७० रोजी धुंडिराज गोविंद फाळके यांचा जन्म झाला. पुढे सारा देश त्यांना दादासाहेब म्हणू लागला. त्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट काढला, हे तुम्ही वाचले असेल. पण त्यातला किती भाग आज उरला आहे, हे तुम्हाला ठाऊक आहे का?

१९११ साली मुंबईत दादासाहेबांनी येशू ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि आपणही असे चित्र काढायचे असे ठरवले. विमा गहाण टाकून ते १९१२ साली लंडनला गेले. तेथून कॅमेरा आणला. पत्नी सरस्वतीबाई अंधारात बसून कोऱ्या फिल्मला छिद्रे पाडीत आणि साऱ्या मंडळींचा स्वयंपाकही करीत. चित्रपटात काम करायला एकही स्त्री तयार होईना, म्हणून तारामती झाले साळुंके नावाचे पुरुष! ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशन चित्रपटगृहात तो लागला. त्याच वर्षी दादासाहेब नाशिकला आले. तेथे त्यांनी अनेक मूकपट काढले. पुढे बोलपटांचे दिवस आले आणि मूकपटांना कोणी विचारीना. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला दादासाहेबांचे निधन झाले.

आणि त्यांचे चित्रपट? त्या काळची नायट्रेट फिल्म झटकन पेट घेई. जुनी झाली की तिचा भुगा होई. तिच्यातली चांदी काढण्यासाठीही लोक रिळे विकून टाकीत. १९६४ साली पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय सुरू झाले, तोवर पुष्कळ काही नष्ट झाले होते. संग्रहालयाचे पी. के. नायर गावोगाव रिळे शोधीत फिरले. फाळके कुटुंबीयांकडून त्यांना काही भाग मिळाले. ‘राजा हरिश्चंद्र’च्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे एवढीच आज आहेत. काही अभ्यासक म्हणतात की, तीही १९१३ ची नसून दादासाहेबांनी १९१७ साली पुन्हा काढलेल्या चित्रपटाची आहेत. म्हणून जुनी दृश्ये नव्या चित्रपटात घेणाऱ्याने आधी त्यांचे साल तपासावे लागते. हे काम वाटते तेवढे सोपे नाही.

‘कालिया मर्दन’ (१९१९) याचाही बराच भाग वाचला. त्यात छोटा कृष्ण झाली आहे दादासाहेबांची मुलगी मंदाकिनी. शिवाय चित्रपट कसा तयार होतो, हे दाखवणारी एक फिल्म दादासाहेबांनी काढली होती. तिच्या उरलेल्या तुकड्यात ते स्वतः काम करताना दिसतात. आज त्यांच्यावर माहितीपट काढणाऱ्याला चालतेबोलते नव्हे, पण चालते-फिरते दादासाहेब मिळतात ते येथेच.

तुमच्या ओळखीचे एक नाव सांगतो. ‘आलम आरा’ हा आपला पहिला बोलपट. १४ मार्च १९३१ रोजी तो मुंबईत लागला. त्याची छायाचित्रे आहेत, जाहिराती आहेत. रीळ मात्र एकही सापडलेले नाही.