आठ प्रयोगांचा नाटककार

२००५ सालचं साहित्याचं नोबेल मिळवणारा इंग्लिश नाटककार हॅरॉल्ड पिंटर मुळात लेखक नव्हता, पोटासाठी स्टेजवर उभा राहणारा नट होता. कॉन्व्हेंटमध्ये शिकल्यामुळे माझं वाचन बरंचसं इंग्रजीच. त्यामुळे मराठी विभागासाठी काय लिहावं असा विचार करताना हाच माणूस डोळ्यासमोर आला. नोबेलमुळे नाही, तर त्याच्या आयुष्यातल्या एका वाईट आठवड्यामुळे.

पिंटरचा जन्म १० ऑक्टोबर १९३० चा, पूर्व लंडनमधल्या हॅकनी भागातला. वडील शिंपी. अभिनय शिकायला तो 'राडा' या नामवंत संस्थेत गेला, पण तिथे रमला नाही. मग आयर्लंडमध्ये फिरत्या नाटक कंपनीबरोबर गावोगाव हिंडला. १९५४ पासून त्याने 'डेव्हिड बॅरन' हे नाव घेतलं आणि इंग्लंडमधल्या लहान गावांच्या कंपन्यांत कामं केली. रात्री एका नाटकाचा प्रयोग आणि दिवसा पुढच्या नाटकाची तालीम, असा तिथला खाक्या! कामं बहुतेक खलनायकी. काम नसलं की तो वेटर व्हायचा, कधी भांडी घासायचा.

१९५७ मध्ये हेन्री वूल्फ या मित्राने ब्रिस्टल विद्यापीठासाठी एकांकिका मागितली. सहा महिने तरी लागतील असं पिंटरने कळवलं आणि चार दिवसांत 'द रूम' लिहून पाठवली. मग आलं 'द बर्थडे पार्टी'. दौऱ्यावर असताना ईस्टबर्नमध्ये तो एका गलिच्छ भाड्याच्या खोलीत राहिला होता, तिथूनच हे नाटक सुचलं. होस्टेलवाल्यांनी लक्षात घ्यावं, खोली कितीही भिकार असली तरी कच्चा माल मिळू शकतो!

१९ मे १९५८ ला हे नाटक लंडनमध्ये लागलं आणि धाडकन पडलं. समीक्षकांना काही कळलंच नाही. आठ प्रयोगांत गाशा गुंडाळावा लागला. आठवड्याचा गल्ला जेमतेम २६० पौंड. गुरुवारी दुपारच्या खेळाला फक्त सहा प्रेक्षक! पिंटर स्वतः वर बाल्कनीत जायला निघाला तर ती बंद होती. दारावरच्या बाईंनी त्याला अडवलं. हा नाटकाचा लेखक आहे हे कळल्यावर त्यांना त्याची कीव आली. हॅरॉल्ड हॉब्सन या समीक्षकाने मात्र 'संडे टाइम्स'मध्ये तोंडभरून कौतुक केलं. पण ते रविवारी छापून आलं आणि नाटक शनिवारीच बंद झालं होतं.

त्या वेळी घरी बायको, अभिनेत्री व्हिव्हियन मर्चंट, आणि चार महिन्यांचा मुलगा. लेखन सोडून दिलं असतं तरी कोणी नावं ठेवली नसती. पण पिंटर लिहीत राहिला. नुसत्या जिद्दीवर भागलं असं मात्र नाही. बीबीसी रेडिओच्या लोकांनी त्याला काम दिलं. मार्च १९६० मध्ये तेच पडलेलं नाटक टीव्हीवर आलं. पुढच्याच महिन्यात 'अ नाइट आउट' हे नाटक टीव्हीवर झालं. त्यात पिंटर आणि व्हिव्हियन दोघांनीही कामं केली. एका रात्रीत ६० लाखांहून जास्त प्रेक्षक! तीनच दिवसांनी 'द केअरटेकर' रंगमंचावर आलं आणि चारशेच्या वर प्रयोग चाललं.

मला वाटतं, नट असल्याचा त्याला लेखनात फार फायदा झाला. स्टेजवर माणसं बोलतात त्यापेक्षा गप्प किती बसतात, हे त्याने उभं राहून अनुभवलं होतं. त्याच्या संहितेत तीन टिंबं म्हणजे छोटासा अडखळा, 'पॉज' म्हणजे मनात काहीतरी चालू आहे, आणि 'सायलेन्स' म्हणजे विषयच संपला. तीनही वेगवेगळे! गॅदरिंगला एकांकिका करणाऱ्यांनी हे एकदा तालमीत करून पाहावं. संवाद पाठ करण्यापेक्षा अवघड आहे.

अभिनय त्याने शेवटपर्यंत सोडला नाही. कॅन्सरमधून उठल्यावर, २००६ मध्ये, विजेच्या व्हीलचेअरवर बसून त्याने सॅम्युएल बेकेटचं एकपात्री नाटक केलं. २४ डिसेंबर २००८ ला तो गेला.

आपल्याकडे एका सेमिस्टरला एटीकेटी लागली किंवा पहिल्याच कंपनीने नाकारलं की लगेच आपण स्वतःवर शिक्का मारून मोकळे होतो. निकालाच्या दिवशी नोटीस बोर्डासमोर उभं राहताना त्या गुरुवारचे सहा प्रेक्षक आठवावेत, एवढंच माझं सांगणं.