Explained: वंशावळ शोधताय? मग वि. का. राजवाडे कोण होते, ते आधी वाचा

सिन्नर : 2023 मध्ये निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली आणि कुणबी नोंदींच्या शोधात घराघरात पणजोबांचे नाव विचारले जाऊ लागले. 1967 पूर्वीची नोंद हवी, म्हणजे कोतवाल बुक, जुने सातबारे, शाळेचे दाखले. त्यातले बरेचसे कागद मोडीत. आमच्याच घरात चौथ्या पिढीपलीकडे कुणाला नाव सांगता आले नाही. अशा कागदांसाठी आयुष्य घालवलेला माणूस म्हणजे इतिहासाचार्य विश्वनाथ काशीनाथ राजवाडे.

कागदांच्या मागे कसे लागले?

जन्म 1863 चा, रायगड जिल्ह्यातल्या वरसईचा. शिक्षण पुण्यात, डेक्कन कॉलेजात. पत्नीचे निधन लवकर झाले, पुन्हा लग्न केले नाही. वाईला एका घरात पानिपतच्या काळातली पत्रे हाती लागली आणि 1898 मध्ये ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड निघाला. असे एकूण 22 खंड झाले. नोकरी नाही, सरकारी मदत नाही. गावोगाव पायपीट, स्वतःच्या हाताने स्वयंपाक आणि जुन्या वाड्यांच्या माळ्यावरची दप्तरे. कित्येक घरांत ती वाळवी खात होती. मालक मात्र परक्याला दाखवायला तयार नसत. वतनाचा हक्क जाईल ही भीती.

त्यात वंशावळ कुठे असते?

भीती अगदीच खोटी नव्हती. पाटीलकी-कुलकर्णाच्या भांडणात प्रत्येक पक्षाला आपले पूर्वज मांडावे लागत. त्यामुळे महजर आणि करीने हे कुळाच्या माहितीचे खजिनेच. दुसरा साठा तीर्थोपाध्यायांच्या वह्यांचा. आपल्याजवळच्या त्र्यंबकेश्वरी गावाचे आणि आडनावाचे नाव सांगितले की आधी येऊन गेलेल्यांची नोंद निघते. फरक इतकाच, की वहीत यात्रेला गेलेलेच सापडतात, महजरात भांडलेले.

वरच्या पिढ्यांवर मात्र डोळे झाकून विश्वास ठेवू नये. घराणे मोठे झाले की वंशावळ मागे राजघराण्यापर्यंत ताणली जाते. राजवाडे मूळ कागदाचा आग्रह धरत, तो यासाठीच. तरी शब्दांच्या आणि नावांच्या व्युत्पत्तीत त्यांनी स्वतः लढवलेले काही तर्क पुढच्या अभ्यासकांना पटले नाहीत, हेही सांगायला हवे.

कागद गेला तर?

1922 मध्ये राजवाड्यांनी शहाजीराजांच्या काळातल्या ‘राधामाधवविलासचंपू’ला भलीमोठी प्रस्तावना जोडून ते प्रसिद्ध केले. त्याच वर्षी डब्लिनमध्ये यादवी युद्धात फोर कोर्ट्समधले सार्वजनिक दप्तरखाने जळाले. 1821 ते 1851 च्या जनगणनांची बहुतेक पाने आणि चर्चच्या कित्येक नोंदवह्या गेल्या. आयरिश पूर्वज शोधणारी अमेरिकेतली किंवा इंग्लंडमधली माणसे आजही तिथे येऊन अडतात आणि जमिनीच्या कराच्या याद्यांवरून कुळ जुळवत बसतात.

राजवाड्यांनी 1910 मध्ये पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ काढले. पुढे तिथे मतभेद झाले, ते बाहेर पडले आणि धुळ्याला गेले. स्वभाव तापट, जुळवून घेणे नाहीच. 31 डिसेंबर 1926 रोजी धुळ्यातच त्यांचे निधन झाले. आठ-दहा दिवसांत त्यांच्या नावाने तिथे संशोधन मंडळ उभे राहिले. त्यांनी जमवलेली दप्तरे तिथेच ठेवली गेली.