तळणीतून सूर्याचा फोटो काढणाऱ्या ॲनी माँडर

बडनेराहून वर्ध्याकडे रेल्वेने निघालात की धामणगावनंतर तळणी नावाचं छोटं स्टेशन लागतं. अमरावती जिल्ह्यातल्या याच तळणीतून २२ जानेवारी १८९८ ला सूर्याचा एक फोटो निघाला. तसा फोटो तोवर कुणालाच जमला नव्हता. तो काढला होता ॲनी माँडर यांनी.

आधी डिग्री नाही, मग नोकरी नाही

ॲनी रसेल यांचा जन्म १८६८ चा, आयर्लंडमधल्या स्ट्रबेन गावातला. स्कॉलरशिप मिळवून त्या केंब्रिजच्या गर्टन कॉलेजात गणित शिकल्या. १८८९ मध्ये शेवटची परीक्षा चांगल्या श्रेणीत पास झाल्या, पण डिग्री मिळाली नाही. केंब्रिज तेव्हा मुलींना डिग्री देतच नव्हतं.

१८९१ मध्ये त्या ग्रिनिचच्या वेधशाळेत 'कॉम्प्युटर' म्हणून लागल्या. तेव्हा कॉम्प्युटर म्हणजे आकडेमोड करणारा माणूस! पगार महिन्याला ४ पौंड. काम काय, तर आकाश मोकळं असेल त्या दिवशी सूर्याचा फोटो घ्यायचा आणि त्यावरचे डाग मोजायचे. सूर्याचा पृष्ठभाग साधारण ५,५०० अंश सेल्सिअस असतो. डागाच्या जागी तीव्र चुंबकीय क्षेत्र खालून येणारी उष्णता अडवतं. तेवढा भाग दीड-दोन हजार अंशांनी थंड राहतो, म्हणून काळा दिसतो.

१८९५ मध्ये त्यांनी तिथलेच सौर विभागाचे प्रमुख वॉल्टर माँडर यांच्याशी लग्न केलं. लग्न झालेल्या बाईला सरकारी नोकरीत ठेवत नसत, त्यामुळे नोकरी सोडावी लागली. सूर्याचा अभ्यास मात्र त्यांनी सोडला नाही.

वऱ्हाडातली दोन मिनिटं

१८९८ च्या खग्रास ग्रहणाची सावली कोकणात विजयदुर्गाजवळून शिरून वऱ्हाडावरून पुढे जाणार होती. ब्रिटिश ॲस्ट्रॉनॉमिकल असोसिएशनच्या तुकडीसोबत माँडर जोडपं तळणीला आलं. खग्रास अवस्था जेमतेम दोन मिनिटांची. सूर्याभोवतीचं विरळ वातावरण, म्हणजे करोना, तेवढ्याच वेळात दिसणार होतं. करोनाचं तापमान १० लाख अंशांच्या वर असतं, पण त्याचा उजेड इतका फिका की एरवी तो सूर्याच्या झगमगाटात हरवतो.

ॲनीबाईंच्या कॅमेऱ्याचं भिंग फक्त दीड इंचाचं होतं. तेही गर्टन कॉलेजच्या अनुदानातून घेतलेलं. मोठी दुर्बीण म्हणजे झूम: सूर्याची कड मोठी दिसते, आजूबाजूचं सुटतं. त्यांना हवा होता वाइड अँगल. फोटो धुतल्यावर करोनातून निघालेला एक लांब किरण दिसला, सुमारे १ कोटी किलोमीटरचा. म्हणजे सूर्याच्या त्रिज्येच्या १४ पट! तेव्हापर्यंत इतका लांब किरण कुणाच्याही फोटोत आला नव्हता.

त्याने काय कळलं?

सूर्यातून काहीतरी ठरावीक दिशेने खूप दूर जातं, या कल्पनेशी हा फोटो जुळत होता. पुढे १९०४ मध्ये वॉल्टर यांनी दाखवलं की पृथ्वीवरची चुंबकीय वादळं बऱ्याचदा २७ दिवसांनी परत येतात. पृथ्वीवरून पाहिलं तर सूर्याला स्वतःभोवती एक फेरी घ्यायला तेवढेच दिवस लागतात. त्याच वर्षी दोघांनी डागांचा प्रसिद्ध 'फुलपाखरू आलेख' मांडला. सुमारे ११ वर्षांच्या चक्रात डाग विषुववृत्ताकडे सरकत येतात, हे त्यात एका नजरेत दिसतं.

ॲनीबाईंना रॉयल ॲस्ट्रॉनॉमिकल सोसायटीने १८९२ मध्ये नाकारलं होतं. फेलो म्हणून निवड झाली ती १९१६ मध्ये. पहिल्या महायुद्धात वेधशाळेला माणसं कमी पडली, तेव्हा त्या तिथे बिनपगारी काम करायला परत गेल्या. १९४७ मध्ये लंडनला त्यांचं निधन झालं.

आता ग्रहणाची वाट पाहावी लागत नाही. इस्रोचं 'आदित्य-एल१' पृथ्वीपासून १५ लाख किलोमीटरवर आहे. त्यातला एक कॅमेरा सूर्याची तबकडी झाकून करोनावर लक्ष ठेवतो. त्याची गरज का, हे मे २०२४ च्या सौर वादळाने दाखवलं: अमेरिकेत ऐन पेरणीत जीपीएसवर चालणारे ट्रॅक्टर शेतातच थांबले. असं वादळ याच करोनातून निघतं, ज्याचा माग ॲनीबाईंनी तळणीत दीड इंची भिंगाने घेतला होता.